सिस्टरबाईंचे पिचर

परवा आमच्या मंडळाची गणपतीची सभा झाली. कुणीतरी म्हणालं, "या वर्षी व्हिडिओ गेममध्ये परत क्रिकेट ठेवू या," आणि सगळ्यांच्या माना माझ्याकडे वळल्या. जणू मी सिस्टरबाईंची मुखत्यारच. मी म्हटलं, "सिस्टरबाई रजेवर आहेत. त्या येईपर्यंत बेसबॉलच." ठराव पास झाला. आठ दिवसांची रजा घेऊन बहिणीकडे गेलेल्या बाईंना तिथे दोन वर्षं होत आली, ही गोष्ट कुणी काढली नाही.

हैदराबादच्या काचीगुड्यातल्या एका गल्लीतल्या मराठी मंडळात बेसबॉल कुठून आला, हे आधी सांगायला हवं. मंडळाची तरुण मुलं गणपतीत फिरकत नव्हती. भजनाला नाही, नाटुकल्याला नाही. निमंत्रणपत्रिका त्यांना वाचून दाखवावी लागायची. म्हणून अध्यक्ष कुलकर्णींनी व्हिडिओ गेमची स्पर्धा सुरू केली. पहिल्या वर्षी क्रिकेट ठेवलं आणि हसं झालं. क्रिकेटमधलं सगळ्यांनाच सगळं कळतं. दोन घरांचं बोलणं बंद झालं ते पुढच्या संक्रांतीला तिळगूळ देऊन सुरू करावं लागलं. तेव्हा कुलकर्णींनी फतवा काढला, "जो खेळ इथे कुणाच्या बापाला येत नाही, तो ठेवा." असा बेसबॉल आला. शिवाय नियम केला, की प्रत्येक संघात साठीच्या वरचं एक माणूस पाहिजेच. बाकीच्या संघांनी आपापली वडीलधारी माणसं टाळ्या वाजवायला बसवली. आमच्या नल्लकुंट्याच्या संघात सिस्टरबाई होत्या, आणि टाळ्या वाजवणं हा त्यांचा स्वभाव नव्हता.

वत्सलाबाई कदम हे त्यांचं नाव. गाव पूर्णेकडचं, घर शेतकऱ्याचं. हैदराबादेतल्या एका मोठ्या दवाखान्यात त्यांची उभी हयात गेली आणि त्यातली बरीच वर्षं त्या वॉर्डाच्या इनचार्ज होत्या. लग्नाचं कुणी विचारलं की म्हणायच्या, "ड्युटी चार्टात बसलंच न्हाई." ठेंगण्या, चालणं झपाझप, पदर कायम खोचलेला आणि अंबाड्यात पेन्सिल. ती पेन्सिल त्यांना दिवसातून दहा वेळा सापडायची नाही, आणि ती कुठे आहे हे सांगायची हिंमत कुणी करायचं नाही.

मी पुण्याची. वडिलांना अर्धांगाचा झटका आला, आई आधीच गेलेली, माझी नोकरी हैदराबादेत. तेव्हा बाबांना घेऊन नल्लकुंट्यात आले. घरून काम करायची मुभा होती. तिसऱ्या दिवशी तळमजल्यावरच्या या बाई वाटीभर शेंगदाण्याची चटणी घेऊन वर आल्या. मला वाटलं, बाबांना बघायला आल्या. त्यांनी बाबांना नमस्कार केला आणि मग माझ्याकडेच बघत बसल्या.

"काल रात्री काय जेवलीस गे?"

मी म्हटलं, "पिठलं-भात. नाही... ते परवा. काल... थांबा हं."

"ठैर, नक्को सांगू. कळलं." त्यांनी पिशवीतून लांबुडकी वही काढली. "तुझी बदली कोण?"

बदली म्हणजे काय, ते मला कळायला वेळ लागला. ड्युटी संपली की तुझ्या जागी कोण येतं, असं त्या विचारत होत्या. मी पुणेरी ताठ्यानं सांगितलं, "मी एकटीच बघते सगळं. मला सवय आहे."

"म्हणजे कोणीच न्हाई," असं म्हणून त्यांनी ते लिहून घेतलं. मला भयंकर राग आला. कुणी मागितलं होतं का यांना? चटणी मात्र चांगली होती.

काल रात्री काय जेवलात, हा त्यांचा तापमापक होता. ज्याला चटकन आठवत नाही तो दमलेला, मग तो तोंडानं काहीही म्हणो. "दमलेल्याला विचारू नये," त्या सांगायच्या. "विचारलं की तो न्हाई म्हणतो. त्याला नुसतं उठवावं." आणि त्या खरोखर उठवायच्या. मंडळाच्या महाप्रसादाला पुऱ्या लाटायला बसलेल्या बायका तीन-तीन तास मान वर करत नाहीत, कारण आधी उठेल ती कामचुकार. सिस्टरबाई पाठीमागून फिरायच्या, पुरीचा आकार बघायच्या आणि एखादीची पुरी वाकडी यायला लागली, की तिच्या हातातलं लाटणं काढून घ्यायच्या. एकदा कुलकर्णींच्या वहिनी यावर भांडल्या. सिस्टरबाई म्हणाल्या, "हौ, भांड. पण उभं राहून भांड, पाय मोकळे होतील." दवाखान्यात म्हणे त्यांनी एकदा मोठ्या डॉक्टरांच्या हातातला कागद काढून घेऊन त्यांना घरी पाठवलं होतं. ही गोष्ट त्या स्वतः कधी सांगायच्या नाहीत. ती सगळ्या काचीगुड्याला ठाऊक होती.

चटणी घेऊन आल्या त्याच्या दुसऱ्या दिवसापासून त्या दुपारी दोन तास बाबांजवळ बसायला लागल्या. मला म्हणाल्या, "जा, सुटी." मी आतल्या खोलीत जाऊन कपाट आवरलं. दुसऱ्या दिवशी स्वयंपाकघरातले डबे घासले. तिसऱ्या दिवशी त्यांनी मला दाराबाहेर काढून कडी लावली. मी काय करणार? बरकतपुऱ्यापर्यंत चालत गेले, एका दुकानाच्या पायरीवर बसले, दुकानदारानं हटकलं म्हणून उठले आणि परत आले. सिस्टरबाईंनी दार उघडलं, माझ्या पायांकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "चूक माझी हाय. सुटी दिली, पण जायाला जागा दिली न्हाई."

त्यांच्या डोक्यात मंडळाच्या वरच्या खोलीचं खूळ शिरलं ते त्या दुपारी. घरात अंथरुणाला खिळलेलं माणूस असणारी आमच्यासारखी सात-आठ घरं त्यांच्या वहीत होती. दुपारी कुणीतरी पाळीपाळीनं त्या पेशंटजवळ बसायचं आणि घरच्या माणसानं मंडळाच्या वरच्या खोलीत जायचं. तिथे चटया असतील, पंखा असेल, चहा असेल. काम काही असणार नाही. झोपा, गप्पा मारा, नुसत्या भिंतीकडे बघा. एवढीच त्यांची योजना होती.

पण त्याच खोलीवर नारायणगुड्याच्या दिनू जाधवचा डोळा होता. दिनूचं औषधांचं दुकान, माणूस दिलदार आणि हट्टी. त्याला तिथे कॅरमचा अड्डा करायचा होता. तो म्हणाला, "सिस्टरबाई, हे मंडळ हाय, दवाखाना न्हाई. इथं पोरं आली पाहिजेत." त्याचंही काही चूक नव्हतं. तीन सभा यावर वाया गेल्या. तेवढ्यात गणपती आले, आणि स्पर्धेच्या अंतिम फेरीत नेमके दिनूचा संघ आणि आमचा संघ समोरासमोर आले. कुलकर्णी वैतागून म्हणाले, "जो जिंकेल त्याला वर्षभर खोली. मला परत विचारायचं नाही." सिस्टरबाईंनी अंबाड्यातली पेन्सिल काढली आणि म्हणाल्या, "मंजूर."

आमच्या संघात खेळणाऱ्या दोघी होतो. एक मी. दुसरी ललिता, जिची सासू चार वर्षं अंथरुणावर होती. ललिताचं बोलणं निम्मं तेलुगू, आणि खेळ असा सावकाश की बघणाऱ्याला जांभई यावी. हैदराबादी घाई मला आणि पुणेरी आळस तिला, असं उलटंच झालं होतं.

बेसबॉल कुणालाच येत नव्हता, तो मी नियम वाचून सगळ्यांना चार वाक्यांत शिकवला होता. चेंडू फेकणारा तो पिचर. मारणाऱ्याचे तीन फटके हुकले की तो बाद. तिघे बाद झाले की पाळी बदलते. नऊ डाव. एवढं ऐकून दिनूनं विचारलं, "मारायचं कसं?" कुलकर्णींनी विचारलं, "षटकार असतो का?" सिस्टरबाईंनी विचारलं, "हे फेकणारे किती जण हायेत आणि कालची ड्युटी आज मोजतात का?"

मोजतात. त्या गेममध्ये प्रत्येक पिचरच्या नावापुढे ताकदीची एक पट्टी असते. फेकत गेला की ती हिरवीची पिवळी होते, पिवळीची लाल. आणि एका सामन्यातला थकवा दुसऱ्या दिवशीच्या सामन्यात तसाच येतो. बाईंना एवढंच हवं होतं. त्यांनी वहीत नवं पान आखलं. परदेशी नावं त्यांच्या जिभेवर बसेनात, म्हणून त्यांनी आमच्या पिचरना नावं ठेवली. दाढीवाला सगळ्यात वेगवान. काडी उंच आणि लहरी. आणि पोटल्या मामा, ज्याचा चेंडू इतका हळू यायचा की आम्ही त्याला सरावात एकदा बघून परत घेतलं नव्हतं. पुढे रकाने होते, किती चेंडू, केव्हा उठवला, बदली कोण.

पट्टीवर मात्र त्यांचा भरवसा नव्हता. "ती लाल झाल्यावर सांगते. तवर पेशंट गेला." त्या चेंडू बघायच्या. चेंडू आधी जिथे पडत होता त्याच्यापेक्षा वीतभर वर राहायला लागला, की त्या पेन्सिल शोधायला लागायच्या.

अंतिम सामने तीन, ओळीनं तीन दिवस, संध्याकाळी आरतीच्या आधी. पहिला आम्ही दाढीवाल्याच्या जोरावर जिंकलो. दुसऱ्या दिवशी मी परत दाढीवाल्यालाच घेतलं तर बाई म्हणाल्या, "आज त्याला रजा."

"अहो, आज जिंकलो की संपलं! खोली आपली!"

"हौ. आणि हरलो तर उद्या काय उरलं?"

दाढीवाल्याची पट्टी निम्मी भरलेली होती. दिनूचा पहिलवान पिचर तसाच निम्मा असूनही दिनूनं त्यालाच उतरवला. आमच्याकडून काडी खेळला आणि आम्ही नऊ विरुद्ध दोन असे सपाटून हरलो. घरी येताना मी बाईंशी एक शब्द बोलले नाही. मला त्या खोलीचं एवढं लागलं होतं, हे मला त्या दिवशी कळलं. रात्री बाबांना भरवताना चमचा दोनदा सांडला आणि मी स्वतःला सांगत होते, की रागानं सांडतोय.

तिसरा दिवस रविवार. हॉल भरलेला, मागची मंडळी खुर्च्यांवर उभी. बाबांजवळ बसायला वहीप्रमाणे कुलकर्णींच्या वहिनी गेल्या होत्या, लाटण्याचं भांडण विसरून. दिनूनं तिसऱ्या दिवशीही पहिलवानच उतरवला. "अपना शेर है," तो म्हणाला. चौथ्या डावापर्यंत त्याच्या शेराची पट्टी लाल झाली आणि ललितानं जांभया देत देत त्याच्यावर चार धावा काढल्या. आमचा दाढीवाला एका दिवसाच्या रजेनं ताजा झालेला. फेकायला मी. आठव्या डावात आम्ही चार, ते तीन.

आठव्या डावात त्यांचे दोन खेळाडू मैदानात जागा धरून बसले आणि एकही बाद नव्हता. म्हणजे एक चांगला फटका आणि खोली गेली. दाढीवाल्याची पट्टी अजून पिवळी होती, हिरव्याकडे झुकलेली. मी एक चेंडू फेकला. वर राहिला. दुसरा फेकला, तोही.

"काढ त्याला," सिस्टरबाई मागून म्हणाल्या.

"अजून पिवळा आहे! आणि एकदा काढला की परत येत नाही तो या सामन्यात."

"म्हणूनच आत्ता काढ. पोटल्या मामाला आण."

हॉलमध्ये हाहाकार उडाला. "नक्को करो सिस्टरबाई!" आमच्याच बाजूचे लोक ओरडत होते. मी दातओठ खात बटण दाबलं, पोटल्या मामा ढेरी हलवत आला. तेव्हा बाई माझ्यासमोर येऊन उभ्या राहिल्या.

"मंजिरी, काल रात्री काय जेवलीस?"

मला आठवेना. खरंच आठवेना. सगळा हॉल बघत होता आणि मला समोर फक्त बाबांची वाटी दिसत होती, माझं ताट दिसतच नव्हतं.

त्यांनी माझ्या हातातला रिमोट काढून घेतला आणि ललिताला दिला. "ऊठ. तुझी ड्युटी झाली."

मी उठले. मला इतका अपमान वाटला की रडू आवरेना. सामना माझा होता, खोलीची गरज माझी होती, आणि शेवटच्या क्षणी मला लाटण्यासारखं बाजूला केलं होतं. कुणाला तोंड दाखवायचं नव्हतं म्हणून जिना चढून वर गेले. वरची खोली उघडीच होती. आत मांडवाची कापडं घड्या घालून रचलेली, एक बंद पंखा आणि खिडकी. मी त्या कापडांवर पाच मिनिटं टेकले, डोळे पुसायला.

त्यापुढचं मला माहीत नाही. म्हणजे आता सगळंच माहीत आहे, पण ते ऐकून. ललितानं ते मला इतक्या वेळा सांगितलंय की सांगता सांगता चेंडू वाढत चाललेत. दिनू तीन दिवस वेगवान चेंडू मारून सवयीत आलेला. पोटल्या मामाचा चेंडू डुलत डुलत यायचा आणि तो पोचायच्या आधीच दिनूची बॅट फिरून गेलेली असायची. "अय्यो, मला तर घाई येतच न्हाई कदा," ललिता म्हणते, "मी आरामात टाकायले, तो आरामात हुकायला." दोघे तसे गेले. तिसऱ्यानं उंच मारला, पण तो झेलला गेला. नववा डावही मामानंच काढला. चार विरुद्ध तीन. आरती ठरल्या वेळी सुरू झाली नाही, कारण पुजारीच नाचत होते.

मला जाग आली तेव्हा खिडकीबाहेर उजाडलं होतं. अंगावर शाल होती. पंखा कुणीतरी लावला होता. मी धडपडत उठले, बाबा, बाबांचं औषध! दार उघडलं तर दाराशी खुर्ची टाकून सिस्टरबाई बसलेल्या, मांडीवर वही.

"रात्री दिनू होता तुझ्या बाबांजवळ," त्या म्हणाल्या. "औषध वेळेवर दिलं. त्याचं दुकानच हाय की औषधाचं."

"तुम्ही मला उठवलं का नाही?"

"झोपलेल्याला कायकू उठवू? बसलेल्याला उठवत असते मी."

आयुष्यातला एकमेव निर्णायक सामना मी झोपून घालवला. पण त्या खोलीतली पहिली झोप माझी, हे मंडळातलं माझं आजवरचं एकमेव पद आहे आणि ते मी कुणाला देणार नाही.

खोली सुरू झाली. कॅरमबोर्डही आला, दिनूनं स्वतः आणला, म्हणाला, "झोप न्हाई आली तर?" तो गुरुवारी ललिताच्या सासूजवळ बसतो आणि तिला दुकानातल्या उधारीच्या चहाड्या सांगतो. नल्लकुंट्यातून, काचीगुड्यातून दुपारी माणसं येतात. पहिले काही दिवस ती ताठ बसून असतात, मग एक दिवस चटईवर आडवी होतात. जी तरुण मुलं गणपतीतही यायची नाहीत, त्यातल्या चार-पाच जणांची नावं वहीत आहेत. त्यांना मराठी वाचता येत नाही, म्हणून त्यांच्यापुरता तक्ता मी तेलुगूत लिहून घेते.

सगळ्यांचे रकाने त्या वहीत होते. एक सोडून. ते मला दिसायला बरेच महिने गेले, आणि दिसलं तेव्हा माझीच मला लाज वाटली. सकाळी वॉर्डासारखी फेरी, दुपारी कुणाची तरी ड्युटी चुकली की त्या हजर, संध्याकाळी वही. एक दिवस त्या पेन्सिल शोधत होत्या. शोधता शोधता थांबल्या, आणि काय शोधतोय तेच त्यांना आठवेना.

मी विचारलं, "सिस्टरबाई, काल रात्री काय जेवलात?"

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मग खुर्चीवर बसल्या आणि हसल्या. "मला धरलंस गे," त्या म्हणाल्या. "हाताखाली शिकली नि मलाच धरलंस."

मी काही विचारलं नाही. अंबाड्यातली पेन्सिल काढली, वही ओढून घेतली, शेवटी एक ओळ आखली आणि लिहिलं: वत्सलाबाई कदम, आठ दिवस रजा, बदली मंजिरी. त्यांनी खाडाखोड करायला हात पुढे केला आणि मागे घेतला. पूर्णेला त्यांची धाकटी बहीण होती, सहा वर्षं बोलवत होती.

काचीगुडा स्टेशनवर त्यांना गाडीत बसवायला मी, ललिता आणि दिनू गेलो होतो. खिडकीची जागा मिळाली. बसल्यापासून सूचना चालू होत्या. बुधवारी अमक्याकडे बाई येत नाही. ललिताच्या सासूला डाव्या कुशीवर जास्त ठेवायचं नाही. तुझ्या बाबांना भिंतीला धरून दोन पावलं टाकायला लाव, त्यांच्याच्यानं होतंय. चहाची साखर कपाटात मागे आहे. "आणि मंजिरी, वहीत ते..."

वाक्य तिथेच राहिलं. आम्हाला वाटलं, आठवतायत. मग दिनूनं वाकून बघितलं आणि ओठांवर बोट ठेवलं. गाडी अजून हललीही नव्हती. बाईंची मान खिडकीच्या गजाला टेकली होती, तोंड थोडं उघडं, बारीक घोरणं चालू, पदर पहिल्यांदाच खोचलेला नव्हता. हातात पाण्याची बाटली वाकडी झाली होती. ललितानं खिडकीतून हात घालून ती हळूच सरळ केली.

गाडी सुटली. बाय करायला आम्ही तिघांनी हात वर केले होते, ते तसेच राहिले. त्यांना उठवायचं कुणाच्याही मनात आलं नाही.